भिंतीला हात असतात!

मुलांनो, भिंतीला कान असतात, हे तुम्ही मोठ्या माणसांच्या तोंडून ऐकलं असेलच. पण भिंतीला हात असतात, असं कुणी सांगितलं तर? हसू नका बरं का! इटलीच्या ईशान्य भागात रॅव्हेना नावाचं जुनं शहर आहे. तिथल्या एका चर्चच्या भिंतीवर खरोखरच असे हात आहेत. पण ज्यांचे ते हात, ती माणसं मात्र तिथं नाहीत. कुठं गेली ती? चला, शोधू या.

त्या चर्चचं आजचं नाव सांत अपोलिनारे नुओव्हो. त्याच्या आतल्या भिंतींवर मोठमोठी चित्रं आहेत, पण ती कुंचल्यानं रंगवलेली नाहीत. रंगीत काचेचे बारीक बारीक तुकडे एकाशेजारी एक बसवून ती तयार केली आहेत. अशा कामाला म्हणतात मोझाइक. जुन्या घरांत मोझाइकच्या फरश्या असतात ना, त्यांत दगडाचे तुकडे दिसतात. इथं मात्र काच आहे.

काच वितळवताना तिच्यात कोबाल्ट मिसळलं, की ती गडद निळी होते. तांब्यामुळे हिरवट-निळी छटा येते. आणि सोनेरी तुकडा? त्यात काचेच्या दोन थरांमध्ये सोन्याचा पातळ वर्ख असतो. मिठाईवर चांदीचा वर्ख लावतात, तसा! हे तुकडे ओल्या गिलाव्यात थोडे तिरके बसवतात. म्हणून ऊन सरकलं, की भिंतीवरची चकाकीही सरकते. सकाळी एक जागा उजळते, दुपारी दुसरी. दिवस कसा पुढे जातो, ते भिंतच दाखवते.

पण या भिंतीवर काळाची याहूनही मोठी खूण आहे. ती पाहायची, तर थोडा इतिहास समजून घ्यायला हवा.

इ. स. 493 मध्ये गॉथ लोकांचा राजा थिओडोरिक यानं रॅव्हेना जिंकलं. लहानपणी हा थिओडोरिक कॉन्स्टँटिनोपलला, म्हणजे आजच्या इस्तंबूलला, सम्राटाकडे ओलीस म्हणून राहिला होता. तिथलं वैभव त्यानं डोळे भरून पाहिलं होतं. राजा झाल्यावर त्यानं आपल्या राजवाड्याजवळ हे चर्च बांधलं. भिंतीवर स्वतःच्या राजवाड्याचं सुंदर चित्र करून घेतलं. खांब, कमानी आणि वर लॅटिन अक्षरांत लिहिलेलं ‘पलातियुम’, म्हणजे राजवाडा. कमानींमध्ये दरबारातली माणसं उभी होती. मधल्या मोठ्या कमानीत खुद्द राजा असावा, असं अभ्यासक मानतात.

526 मध्ये थिओडोरिक वारला. 540 मध्ये सम्राट जस्टिनियनचा सेनापती बेलिसारियस रॅव्हेनात शिरला आणि राज्य बदललं. थिओडोरिक ख्रिस्तीच होता, पण एरियन पंथाचा. नव्या राज्यकर्त्यांना तो पंथ मान्य नव्हता. 561 च्या सुमारास हे चर्च त्या पंथाकडून काढून घेण्यात आलं. आग्नेलस हे तेव्हा तिथले आर्चबिशप होते. मग भिंतीवरच्या माणसांचं काय झालं? कारागिरांनी त्यांचे तुकडे उकरून काढले, नवा गिलावा भरला आणि माणसांच्या जागी काचेचे पांढरे पडदे बसवले. राजा गेला, दरबार गेला. उरला रिकामा राजवाडा!

पण थांबा. काही माणसांचे हात कमानीच्या बाहेर, खांबांवर आले होते. ते काढायचे, तर खांबही उकरावे लागले असते. ते हात तसेच राहिले! आजही पांढऱ्या खांबांवर कुठं बोटं दिसतात, कुठं मनगट. साडेचौदाशे वर्षं ते जणू सांगताहेत, ‘आम्ही इथं होतो.’

शाळेतला फळा नीट पुसला नाही, की आधीच्या तासाची पुसट अक्षरं दिसतात. तसंच हे. नव्यांनी जुन्यांना पुसलं, पण पूर्ण पुसता आलं नाही.

आता तुम्ही म्हणाल, पुसणारे फार वाईट होते. जरा सावकाश! त्याच कारागिरांच्या काळात त्या भिंतींवर संतांच्या दोन लांबलचक रांगा उभ्या राहिल्या. त्या इतक्या देखण्या आहेत, की जगभरातून लोक त्या पाहायला येतात. शिवाय थिओडोरिकच्या काळातली येशूच्या जीवनावरची 26 चित्रं त्यांनी वर तशीच ठेवली. म्हणजे एकाच भिंतीवर जतन केलेलं आहे, पुसलेलं आहे आणि नव्यानं घडवलेलंही आहे. समोरच्या भिंतीवर क्लासे बंदराचं चित्र आहे, त्यात जहाजं आहेत. ते खरं बंदर पुढे गाळानं भरून गेलं आणि समुद्र दूर सरकला. जहाजं मात्र चित्रात अजून उभी आहेत!

तुम्हांला काय वाटतं? राज्य बदललं, म्हणून आधीच्यांची चित्रं काढून टाकावीत का? घरी आईबाबांशी, आजी-आजोबांशी यावर जरूर बोला. सगळ्यांचं उत्तर एकच येईल असं नाही, आणि तसं यायलाही नको.

आणि हो, एक प्रयोग करा. काचेचे तुकडे मात्र हातात घेऊ नका, घोटीव कागद चालेल. त्याचे बारीक चौकोन कापून घराचं चित्र चिकटवा. दारात एक माणूस उभा करा, त्याचा एक हात चौकटीवर टेकलेला असू द्या. दोन दिवसांनी तो माणूस काढून तिथं पडदा चिकटवा. मग मित्राला बोलवा आणि विचारा, ‘इथं आधी कोण होतं?’ बघा, त्याला हात सापडतो का!