अतिथीच्या ताटातला चिलया

श्रावण लागला की अल्लीपूर असो की हिंगणघाट तालुक्यातलं दुसरं कुठलं गाव, शिवलीलामृताची पोथी लागते. अकरावा अध्याय कित्येक घरांत बाराही महिने वाचला जातो. चौदावा मात्र पदर डोळ्यांना लावून ऐकायचा. पोरासाठी सगळे रडतात, पण आपण माणसाचं मांस शिजवून वाढल्याची कथा ऐकतो आहोत, असं मांडीवर नातू घेऊन बसलेल्या आजीच्याही मनात येत नाही.

श्रीधर कवींनी हा ग्रंथ शके १६४०, म्हणजे इसवी सन १७१८ मध्ये बारामतीत पुरा केला. चौदाव्या अध्यायातले श्रियाळ राजा आणि राणी चांगुणा दारी आलेल्याला विन्मुख पाठवत नाहीत. त्यांचं सत्त्व पाहायला शंकर किळसवाण्या अतिथीच्या रूपात येतात आणि जेवायला नरमांस मागतात, तेही पोटच्या पोराचं. पाच वर्षांच्या चिलयाला आईच कापते. शिर तेवढं नुसतं पाहायला म्हणून तिनं मागं ठेवलेलं असतं. अतिथी तेही हेरतो आणि उखळात घालून कांडायला लावतो, डोळ्यांत टिपूस न आणता. मग यजमानानं पंगतीला बसावं असा हट्ट. राजा कचरतो. तेव्हा चांगुणा त्याला सुनावते, की मी याला नऊ महिने पोटात वाहिला, तुम्हाला चार प्रहर जड होतो काय! शेवटी अतिथी निपुत्रिकाच्या घरी जेवणार नाही म्हणून अडून बसतो, आई हाक मारते आणि चिलया धावत येतो. कीर्तनकार याला भक्तीची कसोटी म्हणतात. मला विचाराल तर साऱ्या अध्यायात ताठ मानेनं उभं राहिलेलं माणूस एकच, चांगुणा. देवाची बाजू मला कधीच पटलेली नाही.

ही कथा मुळात दक्षिणेची. बाराव्या शतकात सेक्किळार यांनी रचलेल्या ‘पेरियपुराणम्’मध्ये ती शिरुत्तोंडर या शिवभक्ताच्या नावावर आहे. तो पल्लवांचा सेनापती, वातापी म्हणजे आजची बदामी जिंकणारा. तिथं मुलाचं नाव शिराळन. कानडी-तेलुगू मुलुखातून आपल्याकडे येईपर्यंत ते नाव बापाला चिकटलं आणि पोरगा चिलया झाला.

पोथीत पोर परत येतं. दुष्काळात येत नाही. १६३० ते १६३२ या काळात गुजरात आणि दख्खनवर जो दुष्काळ पडला, त्यात तुकारामांची पहिली बायको अन्नावाचून गेली, हे आपल्याला ठाऊक असतं. त्याच सुमारास शाहजहानचा तळ वऱ्हाडाच्या सीमेला लागून असलेल्या बुऱ्हाणपुरात होता. ‘बादशाहनामा’ लिहिणारा अब्दुल हमीद लाहोरी नोंदवतो, की बकऱ्याचं म्हणून कुत्र्याचं मांस विकलं गेलं, पिठात हाडांची भुकटी मिसळली गेली, आणि अखेर माणसं माणसांना खाऊ लागली. पोराची माया भुकेपुढं हरली. दरबारी लेखणी फुगवून लिहिते हे खरं, म्हणून प्रत्येक शब्द तोलून घ्यावा. पण पीटर मंडी हा इंग्रज व्यापारी त्याच सुमारास सुरतेहून बुऱ्हाणपूरमार्गे आग्र्याला गेला, आणि वाटेवरच्या प्रेतांचं त्याचं वर्णन वाचलं की लाहोरीला सरसकट खोटं ठरवण्याची हिंमत होत नाही.

दुष्काळ आणि कथा, हेच दोन पदर जपानातही दिसतात. १७८२ ते १७८८ हा तिथला तेनमेई दुष्काळ. थंड उन्हाळे, त्यात १७८३ मध्ये आसामा ज्वालामुखीचा उद्रेक, भात पिकलाच नाही. उत्तरेच्या त्सुगारू भागात १७८५ साली गेलेल्या सुगाए मासुमी या प्रवाशानं गवतात पडलेली हाडं पाहिली, आणि आधी घोडे व मग माणसं कशी खाल्ली गेली ते गावकऱ्याच्या तोंडून ऐकून लिहून ठेवलं. दुसऱ्या महायुद्धात न्यू गिनीतल्या जपानी सैनिकांनी भारतीय युद्धकैद्यांनाही खाल्ल्याच्या साक्षी आहेत. हा झाला इतिहास. लोककथेत मात्र तिथंही आईच पुढं येते. फुकुशिमाकडच्या अदाचीगाहाराची ओनिबाबा आधी एका थोरामोठ्यांच्या घरची दाई होती. आजारी लेकराला न जन्मलेल्या मुलाचं काळीज लागेल असं सांगितलं गेलं, म्हणून तिनं वाटसरू गर्भवतीला मारलं, आणि गळ्यातल्या ताइतावरून ओळखलं की ही आपलीच मुलगी. तिथून ती माणसं खाणारी राक्षसीण झाली. तिच्यावर ‘कुरोझुका’ हे नो नाटक आहे.

कापणारी आई दोन्हीकडे. जपानी कथेनं सारा दोष तिच्या माथी मारून तिला रानात सोडलं. आपल्या कथेनं तो देवाच्या खात्यावर टाकला आणि देवाकडूनच पोर भरून घेतलं. सोय आहे ती, पण पोर गमावलेल्या बाईला ऐकवता येईल अशी सोय.

महाराष्ट्रानं आणखी एक केलं. श्रियाळाचं नाव घेऊन ते थेट भुकेच्या बाजारात आणून उभं केलं. १३९६ पासून बारा वर्षं चालला असं परंपरा सांगते, तो दुर्गादेवीचा दुष्काळ. दंतकथेतला श्रियाळशेठ वाणी आपली धान्याची कोठारं उघडतो. बहामनी बादशहा खूश होऊन माग म्हणतो, आणि शेठ राज्य मागतो, तेही साडेतीन घटकांचं. म्हणजे अवघी ८४ मिनिटं. औट घटकेचा राजा तो हाच. नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी, श्रावण शुद्ध षष्ठीला, पुण्या-साताऱ्याकडे बायका-पोरं मातीचा श्रियाळशेठ मांडतात आणि संध्याकाळी बोळवतात. त्याचा चिलयाशी संबंध कसा जोडायचा यावर जाणकारांनी वाद घालावा. ज्यानं देवाला पोर वाढलं त्याची पोथी, आणि ज्यानं लोकांना ज्वारी वाढली त्याचा सण, दोन्ही एकाच नावानं चालतात, आणि ८४ मिनिटांत शेठनं काय केलं असं विचारलं तर सांगणारे सांगतात, की जमिनी वाटल्या.