पेंटामर : एका शास्त्रीय शब्दाचा अर्थविचार

मराठी घरात पाच ह्या संख्येचे नित्य दर्शन घडते. देवघरात पंचारती असते, नैवेद्याला पंचामृत असते, हळदीकुंकवाला पंचपाळे असते आणि भिंतीला पंचांग टांगलेले असते. ह्या चारही शब्दांत ‘पंच’ आहे, पण त्याचे कार्य प्रत्येक ठिकाणी निराळे आहे. पंचारतीत पाच वाती असतात आणि त्या पाचही सारख्या असतात. पंचामृतात दूध, दही, तूप, मध आणि साखर हे पाच भिन्न पदार्थ एकजीव होतात. पंचपाळ्याच्या वाट्या एकाच घडणीच्या, परंतु त्यांतील जिन्नस वेगवेगळे. पंचांगाची तिथी, वार, नक्षत्र, योग आणि करण ही अंगे तर डोळ्यांना दिसतही नाहीत. ती कालगणनेची अंगे होत. असे असूनही ह्या शब्दांपायी आपला कधी घोटाळा होत नाही, कारण वस्तूंशी आपला परिचय आधी झालेला असतो आणि शब्द मागून येतो.

शास्त्रातील शब्दांच्या बाबतीत क्रम बहुधा उलटा असतो. तेथे शब्द आधी भेटतो आणि वस्तू क्वचितच भेटते. ‘पेंटामर’ हे नाम आणि ‘पेंटामेरस’ हे त्याचे विशेषण, ह्यांची गोष्ट अशीच आहे. वनस्पतिशास्त्राचा विद्यार्थी हा शब्द फुलासंबंधी वाचतो, कीटकशास्त्राचा अभ्यासक भुंगेऱ्याच्या पायासंबंधी वाचतो आणि वैद्यकाचा विद्यार्थी रक्तातील प्रथिनासंबंधी वाचतो. तिघांचा शब्द एक असला तरी तिघांचे पाच एक नाहीत. म्हणून ह्या शब्दाचा अर्थ नीट उलगडून पाहणे अगत्याचे आहे.

व्युत्पत्ती सोपी आहे. ग्रीक भाषेत ‘पेंटे’ म्हणजे पाच आणि ‘मेरोस’ म्हणजे भाग. ह्यांतील ‘पेंटे’ हा आपल्या ‘पञ्च’चा सगोत्र शब्द, दोघांचा उगम एकाच प्राचीन भाषाकुलात आहे. तेव्हा शब्द परदेशी दिसला तरी त्याचा पूर्वार्ध आपल्या नात्यातला आहे. अडचण आहे ती उत्तरार्धाची. भाग म्हणजे कशाचा भाग? अखंड वस्तूचे पाडलेले भाग, की सुटे घटक एकत्र येऊन झालेल्या वस्तूचे भाग? शब्द ह्याविषयी मौन पाळतो.

प्रथम फुलांकडे वळू. ज्या फुलाच्या प्रत्येक मंडलातील अवयव पाच किंवा पाचाच्या पटीत असतात त्याला मराठी वनस्पतिशास्त्रात पंचभागी फूल म्हणतात. एकदलिकित वनस्पतींची फुले बहुधा त्रिभागी असतात. लिलीच्या फुलातील सहा पाकळ्या म्हणजे तिनांची दोन मंडले होत. द्विदलिकित वनस्पतींची फुले बहुधा चतुर्भागी वा पंचभागी असतात. मोहरीच्या फुलाला चार पाकळ्या असतात, तर जास्वंदीच्या फुलाला पाच. जास्वंदीच्या मधल्या दांडीचे टोक पाच फाट्यांचे असते आणि तिचा किंजपुटही पाच कप्प्यांचा असतो. तिच्याच कुळातील भेंडी आडवी चिरली म्हणजे चकतीत ही कप्प्यांची रचना सहज दिसते. मात्र काही भेंड्यांत कप्पे पाचांहून अधिकही असतात.

परंतु सर्व पंचभागी फुले इतकी आज्ञाधारक नसतात. धोतऱ्याच्या फुलाचे कर्णे पाच खंडांचे आणि पुंकेसरही पाच. किंजपुट मात्र दोन किंजदलांचा. आंब्याचा मोहर हाती घेऊन भिंगातून पाहिला तर बहुतेक फुलांत पाच पाकळ्या दिसतात, पण कार्यक्षम पुंकेसर बहुधा एकच असतो. बाकीचे खुंटलेले असतात. किंजदलही एकच. म्हणून तर एका फुलापासून एक कोय असलेला आंबा होतो. अशा फुलालाही पंचभागीच म्हणतात. ह्याचा अर्थ असा की, वनस्पतिशास्त्रात हा शब्द एखाद्या अवयवाची मोजदाद सांगत नाही. तो फुलाचा मूळ आराखडा सांगतो. आराखड्यातून काही अवयव गळले, काही जोडले गेले, तरी आराखडा पाचाचाच राहतो.

आता समुद्रकिनाऱ्याकडे जाऊ. तारामासा, सागरी अर्चिन इत्यादी प्राण्यांची शरीररचना मध्यबिंदूभोवती पाच दिशांना पसरलेली असते. प्राणिशास्त्रात तिला पंच-अरीय सममिती म्हणतात. चाकाचे आरे जसे तुंब्याभोवती असतात तसे हे भाग असतात, म्हणून ‘अरीय’. ह्या प्राण्यांची डिंभावस्था मात्र आपल्यासारखी डावी-उजवी अशा दोन सारख्या बाजूंची असते. पाचाची रचना वाढीच्या ओघात मागाहून येते. शिवाय काही ताऱ्यांना दहांहून अधिक भुजा असतात. फुलाचे पाच आणि ताऱ्याचे पाच ह्यांत कसलेही नाते नाही. दोन्ही वर्णनांत संख्या समान आहे, एवढेच.

नुसत्या संख्येवर विसंबल्यास काय होते ह्याचा उत्तम धडा कीटकशास्त्राच्या इतिहासात मिळतो. १७६२ मध्ये झोफ्रुआ ह्या फ्रेंच शास्त्रज्ञाने पॅरिसच्या परिसरातील कीटकांवर ग्रंथ लिहिला. त्यात भुंगेऱ्यांची वर्गवारी करताना त्याने त्यांच्या पायाच्या टोकाशी असलेल्या पाऊलवजा भागातील खंड मोजले. पुढे एकोणिसाव्या शतकात ह्याच रीतीने पाच खंडांचे, चार खंडांचे, तीन खंडांचे असे भुंगेऱ्यांचे मोठमोठे गट पडले आणि पहिल्या गटाला ‘पेंटामेरा’ हे नाव मिळाले. पद्धत सोयीची होती. भिंग घ्यावे आणि मोजावे. परंतु अधिक बारकाईने पाहता असे आढळले की, चार खंडांचे म्हणून गणलेल्या कित्येक भुंगेऱ्यांना खरोखर पाचच खंड असतात. चौथा खंड अतिशय लहान असून तिसऱ्याच्या फुगीर भागात दडलेला असतो. आंब्याचे खोड पोखरणारा भिरुडाचा भुंगेरा ह्याच प्रकारचा. अशा पायाला शास्त्रज्ञ आता ‘छुपा पंचखंडी’ ह्या अर्थाच्या नावाने ओळखतात. एवढ्या एका लक्षणावर आधारलेली वर्गवारी टिकू शकली नाही. खंडांची संख्या आजही ओळखीची खूण म्हणून उपयोगी पडते. मात्र ती नात्याचा पुरावा मानली जात नाही.

रसायनशास्त्रात ह्या शब्दाचा अर्थ आणखी बदलतो. स्वीडनचा थोर रसायनशास्त्रज्ञ बर्झेलियस ह्याने १८३० आणि त्यापुढील दोन-तीन वर्षांत ‘मेरोस’ ह्याच ग्रीक शब्दावरून समघटक संयुगांसाठी ‘आयसोमर’ आणि नंतर ‘पॉलिमर’ ह्या संज्ञांचा पाया घातला. आज पॉलिमरला आपण बहुवारिक म्हणतो आणि ज्या एककांपासून ते घडते त्यांना एकवारिक. त्याच न्यायाने पाच एककांच्या समुच्चयाला पंचवारिक म्हणता येईल. येथे लक्षात ठेवावयाची गोष्ट ही की, फुलाचे पाच भाग एकाच फुलातून उमलतात, तर पंचवारिकाचे पाच घटक आधी स्वतंत्रपणे घडतात आणि मग एकत्र येतात. एकीकडे विभागणी, दुसरीकडे जुळणी. शब्द मात्र तोच.

हे पंचवारिक आपल्या आयुष्याशी किती निगडित आहेत ह्याची आपल्याला कल्पना नसते. २०२० आणि २०२१ ह्या करोनाच्या वर्षांत घरोघरी ‘सीआरपी’ नावाची रक्ततपासणी परिचित झाली. शरीरात दाह होताच यकृतातून रक्तात येणारे हे प्रथिन पाच सारख्या घटकांच्या कड्यासारखे असते. आपल्या उपमेने सांगावयाचे तर ती पंचारतीच होय. उलट, मज्जातंतूचा संदेश स्नायूपर्यंत पोचविणारे जे द्वार स्नायूच्या पेशीवर असते त्याचेही घटक पाच, परंतु ते चार प्रकारचे. एक प्रकार दोनदा येतो. नागाच्या विषातील काही प्रथिने नेमकी ह्या द्वारावर बसून ते बंद करतात आणि श्वासाचे स्नायू लुळे पडतात. पाच सारखे आणि पाच भिन्न, हा भेद येथे केवळ शब्दांचा राहत नाही.

पटकीचे उदाहरण तर आपल्या देशाच्या वैज्ञानिक इतिहासातले आहे. १९५९ मध्ये कलकत्त्याच्या डॉ. शंभुनाथ डे ह्यांनी दाखवून दिले की, पटकीच्या जंतूंनी निर्माण केलेले विष, जंतू गाळून काढून टाकल्यावरही, सशाच्या आतड्यात पाण्यासारखा द्रव साचवते. ह्या विषाची घडण पुढे उलगडली तेव्हा तिच्यात पाच सारख्या घटकांचे कडे आणि त्यावर बसलेला एक निराळा घटक आढळला. कडे आतड्याच्या पेशीला पाच ठिकाणी घट्ट पकडते. घात करतो तो सहावा. तेव्हा ह्या विषाला सरसकट पंचवारिक म्हणणे बरोबर नाही. पंचवारिक आहे ते त्याचे कडे. एकट्या कड्याने इजा होत नाही, आणि म्हणूनच तोंडाने घ्यावयाच्या एका पटकीप्रतिबंधक लशीत ते वापरलेही गेले.

आकाराविषयीही शब्द फसवू शकतो. डेंग्यूच्या तपासणीच्या कागदावर ‘आयजीएम’ ही अक्षरे अनेकांनी पाहिली असतील. नव्या संसर्गात शरीर जी पहिली प्रतिपिंडे तयार करते त्यांपैकी ही होत. त्यांचा रेणू प्रामुख्याने पाच एककांचा. प्रत्येक एककाला पकडीच्या दोन जागा, म्हणजे एकूण दहा. पाठ्यपुस्तकांत हा रेणू वर्षानुवर्षे पाच सारख्या पाकळ्यांच्या सुबक ताऱ्यासारखा काढला जाई. २०१८ आणि २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाच्या अभ्यासांत त्याचे खरे रूप दिसले. तो सममित पंचकोन नसून, षट्कोनाची एक जागा रिकामी राहावी तसा आहे आणि त्या फटीच्या बाजूला एक लहानशी जोडसाखळी बसलेली आहे. घटक पाच हे खरे. परंतु पाच म्हणजे पंचकोन, हा निष्कर्ष आपल्या पदरचा होता.

शेवटी, एक सावधगिरी. आपल्या देशात डिसेंबर २०११ पासून, आधी केरळ व तामिळनाडूत आणि मग टप्प्याटप्प्याने इतरत्र, बालकांना ‘पेंटाव्हॅलंट’ लस देण्यात येऊ लागली. येथील पाच म्हणजे घटसर्प, डांग्या खोकला, धनुर्वात, कावीळ ब आणि हिब हा जंतुसंसर्ग, ह्या पाचांपासूनचे संरक्षण. तिचा पंचवारिकाशी संबंध नाही. ह्याच्या उलट, गर्भाशयमुखाच्या कर्करोगास प्रतिबंध करणारी पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटची जी लस २०२२ मध्ये मान्य झाली ती चार प्रकारच्या विषाणूंविरुद्ध आहे. परंतु अशा लशींतील विषाणुसदृश कण ज्या प्रथिनाचे असतात ते पाच-पाचांच्या पुंजांत जुळते, आणि पूर्ण कणात असे बहात्तर पुंज असतात. म्हणजे लस ‘चारां’ची, कण ‘पाचां’चे. ‘व्हॅलंट’ हा उत्तरार्ध ‘कशाकशाविरुद्ध’ हे सांगतो, ‘मर’ हा उत्तरार्ध ‘कशाकशाचे’ हे सांगतो. पूर्वार्ध ऐकून उत्तरार्धाकडे दुर्लक्ष केले तर आईबापांच्या मनात लशीविषयी भलताच समज रुजू शकतो, आणि तो दूर करणे सोपे नसते.

तेव्हा ‘पेंटामर’ किंवा त्याचा कोणताही पर्याय भेटला की तीन प्रश्न विचारावेत. पाच कशाचे? ते पाच सारखे की भिन्न? आणि ते एकातून फुटलेले की एकत्र जुळलेले? ह्या तिन्हींची उत्तरे एकाच मराठी शब्दात कोंबण्याचा अट्टहास करू नये. फुलाला पंचभागी, ताऱ्याला पंच-अरीय, भुंगेऱ्याच्या पायाला पंचखंडी आणि रेणूला पंचवारिक म्हणावे. ‘पंचावयवी’ हा शब्द मोहक खरा, पण न्यायशास्त्रात प्रतिज्ञा, हेतू, उदाहरण, उपनय आणि निगमन ह्या पाच अंगांच्या अनुमानासाठी तो शतकानुशतके राबतो आहे. त्याला तेथेच राहू द्यावे. एका ग्रीक शब्दासाठी चार मराठी शब्द लागले तर ते आपल्या भाषेचे दारिद्र्य नव्हे. ग्रीक शब्दाने जे झाकले ते मराठी शब्दांनी उघड करून दाखविले, असेच म्हणावे लागेल.

महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्या मराठी कुटुंबांना ह्याची अधिक गरज भासेल. इंदूरच्या किंवा ग्वाल्हेरच्या शाळेत हिंदी पुस्तकात तेच फूल ‘पंचतयी’ म्हणून येते, इंग्रजी पुस्तकात ‘पेंटामेरस’ म्हणून येते आणि आजोबा त्याला ‘पंचभागी’ म्हणतात. मुलाला ही तीन निराळी फुले वाटण्याची भीती आहे. अशा वेळी व्याख्या पाठ करून घेण्याऐवजी अंगणातील जास्वंदीचे एक फूल त्याच्या हाती द्यावे आणि मोजावयास सांगावे. ते जमले की पुढच्या मोहरात आंब्याचे फूल आणि एक भिंग द्यावे, आणि चार पुंकेसर कोठे गेले हे त्यालाच शोधू द्यावे.