दिवा लागला, पुढे काय?

डॅशबोर्डवर 'चेक इंजिन'चा पिवळा दिवा लागला की आपल्या मंडळींचे दोन पक्ष पडतात. एक पक्ष थेट डीलरकडे जातो आणि बिल पाहून हळहळतो. दुसरा स्वस्तातला कोड रीडर आणतो, त्यावर 'पी०४२०' वाचतो आणि कॅटॅलिटिक कन्व्हर्टर मागवून मोकळा होतो. या दुसऱ्या पक्षात इंजिनिअरांचा भरणा जास्त, हे सांगायला नकोच!

१९९६च्या मॉडेलपासून अमेरिकेत मोटारींना ओबीडी-२ ही पद्धत सक्तीची झाली. त्यामुळे असे बरेचसे कोड सर्व कंपन्यांचे सारखेच असतात. पण कोड म्हणजे निदान नव्हे. पी०४२० एवढेच सांगतो की कन्व्हर्टरचे काम अपेक्षेपेक्षा कमी दिसते आहे. दिसते कोणाला? तर त्याच्या मागे बसवलेल्या ऑक्सिजन सेन्सरला. आता हा सेन्सरच खराब असेल, धुराच्या नळीला चीर असेल, किंवा इंजिनाच्या कॉम्प्युटरमधला प्रोग्रॅम नको इतका चिकित्सक असेल. तसे असल्यास कंपनी सर्व्हिस बुलेटिन काढते: प्रोग्रॅम बदला, कन्व्हर्टर नको.

गल्लीतला मेकॅनिक ऑलडेटा किंवा मिचेलसारख्या सेवेची वर्गणी भरतो ती या माहितीसाठी. गाडीचा सतरा अक्षरी व्हिन नंबर घातला की वायरिंगचे नकाशे, तपासणीचा क्रम, बुलेटिने, भागांचे नंबर, शिवाय कामाला किती तास धरावेत तेही समोर येते. तरी डोळे उघडे ठेवावे लागतात. एकाच वर्षाच्या, एकाच मॉडेलच्या दोन गाड्यांपैकी एक कॅलिफोर्नियाच्या प्रदूषण नियमांची आणि दुसरी फेडरल नियमांची असू शकते, आणि दोघींचे कन्व्हर्टर वेगळे. ते हुडखालच्या लेबलावर कळते.

ही माहिती कंपन्यांनी आपखुशीने दिली असे मात्र नाही. मॅसॅच्युसेट्सच्या मतदारांनी २०१२ साली दुरुस्तीच्या हक्काचा कायदा प्रचंड बहुमताने संमत केला, आणि २०१४ साली कंपन्यांनी देशभरासाठी तसाच करार केला. पुढे गाड्या बिनतारी यंत्रणेने आपली माहिती थेट कंपनीकडे पाठवू लागल्या. म्हणून २०२० साली तिथे पुन्हा मतदान झाले. कंपन्यांच्या संघटनेने कोर्टात दावा लावला, तो फेडरल जिल्हा न्यायालयाने फेब्रुवारी २०२५ मध्ये फेटाळला. आमच्या सॉफ्टवेअरच्या धंद्याला हा वाद ओळखीचा आहे: वस्तू विकायची, किल्ली मात्र स्वतःकडे ठेवायची.

तेव्हा मेकॅनिकला 'कोड कुठला?' एवढेच विचारू नका. 'बुलेटिन पाहिलेत का? तपासणी कोणती केलीत?' हेही विचारा. गाडी आठ वर्षे किंवा ८०,००० मैलांच्या आत असेल तर कन्व्हर्टर आणि इंजिनाचा कॉम्प्युटर फेडरल वॉरंटीत बसतात. अशा वेळी आधी डीलरकडेच जावे. आणि स्वतः पाहायची हौस असेल तर आपल्या पब्लिक लायब्ररीत चौकशी करा. पुष्कळ लायब्रऱ्या दुरुस्तीची अशी माहिती कार्डधारकांना फुकट पाहू देतात.