मण्यार की कवड्या? : सर्पदंशासंबंधी थोडेसे

संस्थेच्या हितचिंतकांकडून आम्हांस नेहमी विचारले जाते की, साप कोणता हे कळल्यावाचून उपचार कसे होतात? त्याचा खुलासा येथे करीत आहोत.

नाग, मण्यार, घोणस व फुरसे हे आपल्याकडील चार प्रमुख विषारी साप. यांपैकी मण्यारीच्या ओळखीत फार गफलत होते. कारण घराच्या आसपास आढळणारा बिनविषारी कवड्याही पट्टेदार असतो. मण्यार निळसर काळी व चकचकीत असते. तिचे पांढरे पट्टे बारीक व बहुधा जोडीने असतात. ते मानेकडे पुसट, तर शेपटीकडे ठळक होत जातात. कवड्या तपकिरी असतो. त्याचे पट्टे मानेपासून सुरू होऊन शेपटीकडे पुसट होतात. पाठीच्या मध्यावरील मोठ्या षट्कोनी खवल्यांची ओळ ही मण्यारीची खास खूण होय. परंतु ती पाहण्यासाठी जवळ जाणे जिवावर बेतू शकते.

मण्यार रात्री फिरते व जमिनीवर निजलेल्या माणसास चावते. दंशाच्या जागी वेदना वा सूज जवळजवळ नसते. काही तासांनी पोटात दुखते, पापण्या जड होतात, गिळता येत नाही व अखेर श्वास मंदावतो. म्हणून "कवड्याच असेल" असे समजून पुन्हा झोपी जाणे घातक ठरते.

प्रतिसर्पविष हे औषध या चारही सापांच्या विषावर एकच असून ते लक्षणे पाहून दिले जाते. त्यामुळे साप पकडण्यात वा मारण्यात वेळ दवडू नये. दंश झालेला अवयव हलू देऊ नये, घट्ट आवळून बांधू नये, जखम कापू नये; रुग्णास थेट रुग्णालयात आणावे.

मण्यारीचे विष मज्जातंतूंच्या टोकांना इजा करते. ती भरून येण्यास काही दिवस लागतात व औषधाने ती लगेच सुधारत नाही. तोपर्यंत श्वास चालू ठेवण्याचे काम कृत्रिम श्वासोच्छ्वास यंत्रच करते. देणगीदारांनी दिलेल्या पैशाचे मोल अशा वेळी कळते.

भारतात २००० ते २०१९ या काळात सर्पदंशाने दरवर्षी सरासरी सुमारे ५८,००० माणसे दगावली, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. खाटेवर निजणे, मच्छरदाणी नीट खोचणे व रात्री बॅटरी घेऊनच बाहेर पडणे, एवढ्या साध्या सवयींनी यांतील कित्येक जीव वाचू शकतात. ही माहिती आपण चार घरी पोहोचवावी, ही नम्र विनंती.