माठाचे गोत आणि अंगणातील वाफा

राजगिरा डब्यात, माठ भाजीच्या टोपलीत आणि कोंबड्याची मखमली फुले हारात. या तिघांचे कूळ एकच, हे सहसा ध्यानात येत नाही. वनस्पतिशास्त्रात या कुळास ‘ॲमॅरँथेसी’ म्हणतात. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ ‘न कोमेजणारे’; कोंबड्याचा तुरा वाळला तरी रंग टिकवतो, तो त्याच्या कागदासारख्या कोरड्या पाकळ्यांमुळे. रानातील कुरडू आणि आघाडा हेही याच घरचे. १९९८ सालच्या नव्या वर्गीकरणाने चाकवताचे कूळ यात विलीन केले आणि पालक व बीटही गोतावळ्यात आले. काही अभ्यासकांना हे एकत्र कुटुंब अद्याप मान्य नाही. वाटण्या आणि भागीदाऱ्या पाहिलेल्या घरांना याचे नवल वाटू नये. बीट कंदमूळ म्हणून आपल्या ताटाबाहेर, त्याचा भाऊबंद राजगिरा मात्र लाडवाच्या रूपाने ताटात.

राजगिरा मूळचा अमेरिका खंडातील. मेक्सिकोत ॲझ्टेक लोक त्याच्या पिठाच्या मूर्ती करून पूजत. सोळाव्या शतकात स्पॅनिश राज्यकर्त्यांनी त्या पूजेसह हे पीकही दडपले.

बी घेताना दाणा पारखावा. पांढरट दाणा बहुधा राजगिऱ्याचा, काळा चकचकीत दाणा भाजीच्या माठाचा. बी फार बारीक, म्हणून कोरड्या वाळूत मिसळून उन्हाच्या वाफ्यात पेरावे आणि जेमतेम अर्धा सेंटीमीटर माती पसरावी. महिन्याभरात भाजी हाती येते. रोप न उपटता वरून खुडल्यास पुन्हा फुटते.

खरी अडचण अळीची. पावसाळ्यात पाने गुंडाळून राहणारी अळी माठावर हमखास येते. फवारणी करावी तर हिंसा, न करावी तर निवडताना जीव सापडतात. अनेक घरांत चातुर्मासात पालेभाजी वर्ज्यच असते. तेव्हा माघ-फाल्गुनात पेरून ज्येष्ठाअखेर वाफा आवरता घेणे सोयीचे. पेरणीच्या दिवसापासूनच बारीक जाळी ताणली, तर पतंगाला अंडी घालण्यास वाव उरत नाही. पाणी सकाळी आणि मुळाशीच द्यावे. ओल्या पानांवर रोग लवकर पसरतो. गुंडाळलेले पान दिसलेच, तर ते झाड खुडू नये, तसेच सोडावे. एक निरोगी झाड तुऱ्यावर येऊ द्यावे. त्याच्या हजारो दाण्यांत पुढील वर्षाचे बियाणे घरचेच होते.