विश्लेषण : रास्पबेरी पायच्या कार्डवर नुसती ‘कॉपी’ का चालत नाही?

एटीएम कार्डाएवढ्या बोर्डावर अख्खा संगणक, ही रास्पबेरी पायची ओळख. ब्रिटनमध्ये २०१२ साली आलेला हा संगणक आपल्याकडे अभियांत्रिकीच्या प्रकल्पांत हमखास दिसतो. मात्र त्याच्या बहुतेक मॉडेलांत ऑपरेटिंग सिस्टीम आधीपासून नसते. ती मायक्रोएसडी कार्डवर ‘फ्लॅश’ करावी लागते. नवख्यांची गाडी इथेच अडते आणि कधी कधी भलताच डेटा पुसला जातो.

इमेज म्हणजे काय?

इथे इमेज म्हणजे फोटो नव्हे, तर संपूर्ण कार्डची हुबेहूब नक्कल. कार्डचे विभाग कसे पाडायचे, बोर्ड सुरू होताना कुठल्या फाइल वाचायच्या, हे सारे तिच्यात असते. ही फाइल नुसती कॉपी केली, तर कार्डवर एक मोठी फाइल जमा होते, एवढेच. फ्लॅशिंगमध्ये ती कार्डच्या पहिल्या बाइटपासून जशीच्या तशी उतरवली जाते.

धोका कुठे?

या प्रक्रियेत निवडलेल्या ड्राइव्हवरचा जुना डेटा जातो. लॅपटॉपला बाहेरची हार्ड डिस्क जोडलेली असेल आणि चुकून तीच निवडली, तर घरचे फोटो परत मिळणे कठीण. म्हणून बाकीचे ड्राइव्ह आधी काढून ठेवा. नाव आणि आकार दोन्ही तपासा. ३२ जीबीचे कार्ड विंडोजमध्ये साधारण २९ जीबी दिसते. ‘रास्पबेरी पाय इमेजर’ हे मोफत सॉफ्टवेअर शेवटी डेटा पडताळते. घाईत हा टप्पा वगळू नका. खराब कार्ड अनेकदा इथेच लक्षात येते.

विंडोज फॉरमॅट करायला सांगते, मग?

‘कॅन्सल’ दाबा. कार्डवरचा लिनक्सचा विभाग विंडोजला वाचता येत नाही, इतकाच त्या संदेशाचा अर्थ.

जुना पासवर्ड का चालत नाही?

‘पाय’ हे युजरनेम आणि ‘रास्पबेरी’ हा पासवर्ड सर्वांना ठाऊक असल्याने सुरक्षेसाठी एप्रिल २०२२ मध्ये हे ठरलेले खाते बंद झाले. आता दोन्ही इमेजरमध्येच ठरवता येतात.

फर्मवेअर वेगळे कसे?

ऑपरेटिंग सिस्टीम कुठून उचलायची, हे बोर्डाला सांगणारा छोटा प्रोग्राम म्हणजे बूटलोडर. पाय ४ आणि पाय ५ मध्ये तो बोर्डावरच्या ईईप्रॉम चिपमध्ये असतो. कार्ड बदलून तो बदलत नाही. तो बिघडला, तरी बोर्ड लगेच भंगारात काढू नका. इमेजरमधून बूटलोडरची रिकव्हरी इमेज दुसऱ्या कार्डवर उतरवा, ते बोर्डात घालून वीज द्या. हिरवा दिवा सलग, भराभर लुकलुकू लागला की दुरुस्ती झाली.