जुन्या इंजिनाला नवा पंप हवा का?

शंभर वर्षांपूर्वीची मोटार रस्त्यावर काढायची, तर मालकाला पहिली धास्ती असते ती इंजिन तापण्याची. व्हिंटेज मोटारींच्या रॅलीत वाहतूक खोळंबली, की रेडिएटरच्या टोपीखालून वाफ निघू लागते, पाण्याच्या बाटल्या बाहेर येतात आणि जमलेल्या गर्दीतून कुणीतरी सल्ला देतोच : ‘पाण्याचा पंप बसवून टाका!’ सल्ला वरवर बिनतोड वाटतो. आजच्या पेट्रोल-डिझेल मोटारींत पंप असतोच. मग आजोबांच्या मोटारीला तो का नको? मात्र या साध्या प्रश्नात इंजिनाचे आयुष्य, मोटारीचे अस्सलपण आणि आता काही प्रमाणात कायदाही गुंतलेला आहे.

या वादाचे सर्वांत ठळक उदाहरण म्हणजे फोर्ड कंपनीची ‘मॉडेल टी’. १९०८ ते १९२७ या काळात सुमारे दीड कोटी मॉडेल टी तयार झाल्या. भारतात आलेल्या अनेक गाड्या फोर्डच्या कॅनडातील कारखान्यातून आल्या होत्या आणि १९२६ साली कंपनीने मुंबईत आपली शाखाही उघडली. गंमत अशी, की अगदी सुरुवातीच्या सुमारे अडीच हजार मॉडेल टी गाड्यांना पाण्याचा पंप होता. हेन्री फोर्ड यांच्या कंपनीने तो पुढे काढून टाकला आणि उरलेल्या सर्व गाड्या पंपाविनाच धावल्या. म्हणजे पंप ठाऊक नव्हता म्हणून तो नव्हता, असे नाही. तो जाणीवपूर्वक वगळला गेला.

पंपाविना पाणी फिरते कसे, याचे उत्तर ‘थर्मोसायफन’ या तत्त्वात आहे. पाणी तापले की हलके होते. ६० अंश सेल्सिअसच्या एक लिटर पाण्याचे वजन सुमारे ९८३ ग्रॅम भरते, तर ९० अंशांच्या पाण्याचे सुमारे ९६५ ग्रॅम. फरक जेमतेम अठरा ग्रॅमचा. पण तेवढ्यावरच सारा खेळ चालतो. सिलिंडरभोवती तापलेले पाणी वर चढून रेडिएटरच्या वरच्या टाकीत जाते, नळ्यांतून खाली उतरताना हवेला उष्णता देते आणि थंड, जड होऊन तळाच्या नळीने पुन्हा इंजिनात शिरते. इंजिन जितके तापेल, तितका हा प्रवाह वाढतो. इंजिन गार असताना पाणी जवळपास थांबलेलेच असते, त्यामुळे इंजिन लवकर ऊब धरते. आजच्या गाडीत हे काम थर्मोस्टॅट करतो. येथे तो भागच लागत नाही.

अट एकच. वरच्या नळीचे तोंड पाण्याखाली हवे. पाण्याची पातळी त्याखाली गेली, की साखळी तुटते, अभिसरण थांबते आणि काही मिनिटांत पाणी उकळू लागते. पंप नसलेल्या गाड्यांच्या बाबतीतील कितीतरी तक्रारींचे मूळ अभियांत्रिकीत नसून अर्धवट भरलेल्या रेडिएटरमध्ये असते.

मूळ मुद्दा येथेच आहे. पंप उष्णता बाहेर टाकत नाही. तो ती फक्त एका जागेवरून दुसऱ्या जागी नेतो. उष्णता हवेत सोडण्याचे काम रेडिएटरचे. त्याच्या नळ्यांत नव्वद वर्षांचे क्षार साचले असतील, किंवा नळ्यांवरील पातळ पत्र्यांची झाळण सुटून त्यांचा नळ्यांशी स्पर्शच उरला नसेल, तर पाणी कितीही वेगाने फिरवले तरी ते गरमच परत येणार. उलट, अशा तुंबलेल्या रेडिएटरवर पंप बसवला तर एक नवीच आफत ओढवते. पंप वरच्या टाकीत पाणी ढकलत राहतो, अरुंद झालेल्या नळ्या तितक्या झपाट्याने ते खाली सोडू शकत नाहीत आणि जादा पाणी ओव्हरफ्लोच्या नळीतून रस्त्यावर सांडते. एकंदर पाणी सुमारे अकरा लिटर, त्यातले दोन-तीन लिटर असे वाहून गेले की गाडी पूर्वीपेक्षाही लवकर तापते. मालकाला वाटते, पंप छोटा पडला!

पंपाचा उपयोग अजिबात नाही, असे म्हणणेही अतिरेकाचे ठरेल. प्रवाह वाढला की रेडिएटरच्या वरच्या व खालच्या भागातील तापमानातील तफावत कमी होते, नळ्यांची सारी लांबी अधिक गरम राहते आणि हवेला थोडी जास्त उष्णता जाते. लांबच्या चढणीवर हा लाभ जाणवू शकतो. मात्र ज्या प्रसंगासाठी पंपाची सर्वाधिक मागणी होते, त्या वाहतूक कोंडीत तो फारसा कामाला येत नाही. तो इंजिनाच्याच पट्ट्यावर फिरतो. इंजिन मंद चालले की पंपही मंदावतो. कोंडीत कमतरता असते ती वाऱ्याची, पाण्याच्या वेगाची नव्हे. तेथे पंख्याची पाती शाबूत आहेत का, त्याचा पट्टा घसरत तर नाही ना, हे पाहणे अधिक शहाणपणाचे.

इंजिन तापण्याची आणखी दोन कारणे सहसा नजरेआड राहतात. मॉडेल टीच्या सुकाणूखाली डाव्या हाताला ठिणगीची वेळ पुढे-मागे करणारा दांडा असतो. आजच्या चालकाला त्याची सवय नाही. गाडी सुरू करताना तो मागे ठेवावा लागतो आणि सुरू झाल्यावर पुढे घ्यावा लागतो. तो मागेच राहिला, तर इंधन उशिरा जळते, ताकद कमी मिळते आणि वाढीव उष्णता सिलिंडरच्या भिंतींना व धुराड्याच्या नळीला जाते. दुसरे कारण कार्बोरेटरचे. पेट्रोल वाचवण्यासाठी मिश्रण फार पातळ ठेवले, तर इंजिन ठरलेल्यापेक्षा अधिक तापते. दोन्हींचा इलाज फुकट आहे आणि हाताच्या अंतरावर आहे.

शिवाय ‘तापणे’ म्हणजे काय, याबाबतही गैरसमज पुष्कळ. या गाड्यांची शीतनव्यवस्था दाबाखाली नसते. त्यामुळे पाणी समुद्रसपाटीला १०० अंशांवर उकळते, आणि उंची वाढेल तसा हा आकडा दर तीनशे मीटरला साधारण एका अंशाने उतरतो. खोपोलीहून खंडाळ्याला पोहोचेपर्यंत तो ९८च्या आसपास येतो. थर्मोसायफनच्या गाडीत वरची टाकी चांगलीच गरम असणे ही रोजची गोष्ट आहे. घाट चढून आल्यावर टोपीखालून थोडी वाफ दिसली, तर ती दुखण्याची खूण नव्हे. खरी हानी होते ती पाणी संपल्यावरही गाडी दामटल्याने किंवा लालबुंद इंजिनात एकदम गार पाणी ओतल्याने. ओतीव लोखंडाला तडा गेला, की तो दुरुस्त करणारा कारागीर शोधण्यात महिने जातात.

पंपाचे स्वतःचेही काही दोष आहेत. मॉडेल टीसाठी जोडपंप त्या काळातच बाजारात आले होते आणि आजही मिळतात. फिरत्या दांड्याभोवतीच्या ग्लँड दोरीतून पाणी झिरपते. दोरी आवळली तर दांडा झिजतो. त्याला दिलेले वंगण पाण्यात उतरून रेडिएटरच्या नळ्यांना आतून लेप देते आणि उष्णता बाहेर जाण्यात अडथळा येतो. पट्टा तुटला तर पंखा आणि पंप दोन्ही एकाच वेळी बंद पडतात, शिवाय थांबलेला पंप नैसर्गिक प्रवाहालाही अडवतो. थंड हवेत अडचण निराळीच. थर्मोस्टॅट नसल्याने इंजिन पुरेसे तापत नाही, न जळलेले पेट्रोल तेलात उतरते आणि तेल पातळ होते.

मग पंप कुणी बसवावा? ज्यांच्या इंजिनाची ताकद मुळातच वाढवलेली आहे, त्यांनी. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकांत शर्यतींसाठी मॉडेल टीवर ‘फ्रंटेनॅक’सारखे वेगळे सिलिंडर हेड बसवले जात, अशा इंजिनातून निघणारी उष्णता थर्मोसायफनच्या आवाक्याबाहेरची असते. खुद्द फोर्डनेही हेच मान्य केले होते. मूळ मॉडेल टी अवघ्या २० अश्वशक्तीची होती. १९२७च्या अखेरीस आलेल्या ‘मॉडेल ए’ची ताकद ४० अश्वशक्ती झाली आणि तिला कारखान्यातूनच पंप मिळाला.

उरला प्रश्न अस्सलपणाचा. केंद्रीय मोटार वाहन नियमांत २०२१ साली व्हिंटेज वाहनांसाठी स्वतंत्र तरतूद झाली. पहिल्या नोंदणीपासून पन्नास वर्षांहून जुनी दुचाकी किंवा चारचाकी ‘व्हीए’ मालिकेत नोंदवता येते; मात्र ती मूळ रूपात असावी आणि तिच्या सांगाड्यात, बॉडीत वा इंजिनात बदल करणारी मोठी डागडुजी झालेली नसावी, अशी अट आहे. पाण्याच्या पंपाचा नावानिशी उल्लेख या तरतुदीत नाही. नट-बोल्टने बसणारा आणि तसाच निघणारा पंप आणि त्यासाठी इंजिनाच्या ओतीव भागात पाडलेली भोके, यांत जमीन-अस्मानाचे अंतर आहे, एवढे मात्र कुणीही मान्य करील. जुन्या मोटारींची ‘फिवा’ ही आंतरराष्ट्रीय संघटना आपल्या ट्युरिन सनदेत हाच निकष धरते : जे बदलाल ते परत पूर्ववत करता यावे आणि त्याची नोंद राहावी.

त्यामुळे रेडिएटर साफ करून, दांडा व मिश्रण तपासून आणि पाणी पुरेपूर भरूनही गाडी तापत असेल, तर आधी रेडिएटरचा गाभा नवा बसवण्याचा खर्च विचारात घ्यावा. तो पंपापेक्षा महाग पडतो खरा. पण दुखणे जेथे आहे तेथेच तो खर्च पडतो. त्यानंतरही पंप बसवायचा असेल, तर तेथून निघालेली मूळ नळी व तिचे बोल्ट तेल लावून एका डब्यात ठेवावेत आणि डब्यावर गाडीचा क्रमांक व तारीख लिहावी.